देयधम

इनासकाका डाबरे म्हणतात, आधी दगड धुऊन घ्यायचा,
ओल्या ब्रशने, वरून खाली, लेकराची पाठ चोळावी तसा.
मग ओला कागद. मग ठोकणं. शाई सगळ्यात शेवटी.
"दगडाला पंधराशे वर्षं घाई नव्हती,
तुम्हालाच कसली चारची बस?"

मी बँकेत होते. सहकारी. बोरिवली पश्चिम.
एकतीस वर्षं ठेवपावत्यांवर सह्या केल्या
आणि एका मंगळवारी शटर अर्ध्यावर येऊन थांबलं.
बाहेरचे लोक माझ्याकडे बघत होते,
त्यांचे पैसे मीच पदरात बांधून नेल्यासारखे.
तेव्हापासून कान्हेरीला येते, काकांच्या हाताखाली.
खात्यातून निवृत्त झाले तरी
परवानगीचा कागद त्यांच्या खिशात असतो,
चार घड्या पडलेला.
इथे मला कुणी ओळखत नाही.
माकडं ओळखतात, पण ती डब्याला.

कागद सुकत आला तशी काळ्यात पांढरी अक्षरं उमटली.
कल्याणची कुणी विण्हुसिरी.
बापाचं नाव नाही. नवऱ्याच्या जागी दगड फुटलाय.
मुलगा आहे, 'सपुताय' एवढाच, बिनानावाचा.
नावात विष्णू, आणि दान भिक्षूंना.
मी काकांकडे पाहिलं.
"आमची मावशी मतमाऊलीला मेणबत्ती लावायची
आन येऊन होडीवर नारळ फोडायची.
कोणाला इचारायचं होतं?"

पहिली ओळ संस्कृत, ताठ, इस्त्रीची.
कुणा शिकलेल्या भिक्षूने ताडपत्रावर लिहून दिली असणार:
राजाचं नाव, वर्ष, पक्ष, तिथी.
दुसऱ्या ओळीत छिन्नी दमली,
पाथरवट घरी बोलतो तसं खोदू लागला.
धर्माचा रफार उडाला. धम राहिला.
'देयधम पाणियपोढि.'
देणं म्हणून दिलेली पाण्याची पोढी.
पोढी! हा शब्द माझ्या आजोळच्या गडावर अजून आहे,
त्यात शेवाळ आहे, बेडूक आहेत.
त्या दमलेल्या छिन्नीपासून घसरत घसरत
आपण बोलतो आहोत.

खाली बारीक अक्षरांत हिशेब. तो मी वाचला,
काकांना वाचू दिला नाही.
तेल्यांच्या श्रेणीकडे ठेव.
मुद्दल मोडायचं नाही. व्याजातून दरसाल
पोढीतला गाळ काढायचा, आणि उरेल त्यात
पावसाळ्यात राहणाऱ्यांना वहाणा.
मुदत: चंद्रसूर्य असेपर्यंत.

मी हसले. मग हसू आलं तसं गेलं.
कुणी लिहून घेतलं असेल हे तिच्याकडून?
खाडीत तेव्हा पश्चिमेची गलबतं तुरळक येत होती;
कुठल्या तरी दूरच्या नगरीत भिंती पडल्याची खबर
भरतीसारखी, उशिरा, अर्धी खारट होऊन पोचली असेल.
बाजार बसत चालला होता.
आणि गादीवरचा एखादा माणूस
माझ्यासारख्याच आवाजात तिला म्हणाला असेल,
बाई, निर्धास्त राहा.

श्रेणी कुठे गेली माहीत नाही.
वहाणा किती वर्षं आल्या, माहीत नाही.
गाळ कुणी काढत नाही, त्यात वेफर्सची पाकिटं आहेत.
काकांनी ती काठीने बाजूला केली,
बादली सोडली, पुढच्या दगडासाठी पाणी काढलं.
जून यायला महिना होता. पाणी होतं.

चारची बस चुकली. साडेपाचच्या बसमध्ये
गुंडाळी मांडीवर आडवी धरून बसले.
शेजारच्या बाईने बराच वेळ माझ्या तोंडाकडे पाहिलं.
"तुम्ही बँकेतल्या ना? तीन नंबर खिडकी?
आमच्या ह्यांचे दोन लाख."

हो म्हणाले.
गुंडाळी उभी केली, सरकून जागा दिली.
शाई अजून ओली होती; अंगठा काळा झाला,
सही न येणाऱ्यांचा
मी पॅडवर दाबून घ्यायची, तसा.