डावीकडची वाफ

म्युझियमचा पोरगा प्रोजेक्टर घेऊन आला,
सभाघराच्या भिंतीवर चादर ताणली,
रिपेका मावशीला पुढच्या खुर्चीत बसवलं.
"फाकारेवारेवा, एकोणीसशे अकरा," म्हणाला,
"पावणेदोन मिनिटं. आवाज नाही."

वासही नाही.
गंधकाचा तो वास, जो पाहुण्यांना
आल्या आल्या येतो,
आणि आम्हाला गाव सोडून परतल्यावर.

चादरीवर मडमा चालतात, जरा जास्तच भरभर,
टोप्यांवर मेलेले पक्षी.
पुरुष काठीने जमीन टोचून बघतात,
पोकळ तर नाही ना.
मग सगळे एकदम माना वर करतात:
उकळतं पाणी उसळतं, झाडांच्याही वर,
एकीची छत्री उलटी होते,
ती हसते. ऐकू येत नाही.

"निसर्गाचा चमत्कार," पोरगा डब्यावरचं वाचतो.
"साबण," मावशी म्हणते.
"धुण्याचा, पिवळा. अख्खी वडी.
मेरेने टाकली. कॅमेरेवाल्याला
दुपारची गाडी गाठायची होती.
पाण्याला कसली घाई?"

"यात तुम्ही कुठे?"
"मी नाही. बाजूला हो म्हणाला, हातानेच,
माशी हाकलावी तसा.
डावीकडे बघ. ती नव्हे, ती बारकी वाफ.
तिथे आमची कणसं शिजत होती.
टोपलीची दोरी धरून मी उभी,
चित्राच्या एक पाऊल बाहेर."

आता पूल. कठड्यावर ओली पोरं,
वरून एक हातमोजा नाणं दाखवतो,
पुन्हा दाखवतो, फेकतो.
सगळ्यात बारका सूर मारतो.
पाणी मिटतं.
आणि चादर पांढरी,
रिळाचं शेपूट फटफट आपटत राहतं.

कोणी काही बोललं नाही.
"वर आला होता," मावशी म्हणाली.
"हेनारे. माझा भाऊ. वर आला होता.
लिही की."

पोरगा फॉर्म चाळतो.
ठिकाण, लांबी, रिळाची अवस्था.
कागद उलटा करून
पाठकोऱ्या बाजूला लिहितो.

"नाणं गालात होतं, दात दाखवत आला.
गंधकाने काळं पडलेलं,
दुकानदार घेईना."
मग चष्मा काढून पुसता पुसता,
दिवे लागल्यावर, कोणालाच उद्देशून नाही:
"कणसं मात्र त्या दिवशी
फार शिजली."