कोपरा

जुबेल. तीन दिवस शमाल सुटलाय,
रिफायनरीची धुराडी पिवळ्या धुळीत
नुसत्या अंदाजाने उभी.
आत, अंधाऱ्या खोलीत, प्रकाशपेटीसमोर
मुर्तुझाचाचा परकार. गाव दाभोळ खाडीच्या काठचं,
एकतीस वर्षं पाइपांच्या जोडांचे एक्स-रे वाचताहेत.
ही हवा. ही मळी. ही चीर.
चीर म्हणताना आवाज खाली जातो.

कसं ओळखता, चाचा?
'ते ठाऊक असतं तर मीच नसतं का शिकवलं तुझ्या मशीनला?'

मशीनला आधी आख्खं चित्र दिसतच नाही.
तीन बाय तीन, नऊ घरांची चौकट,
घरोघरी एकेक आकडा.
ती फिल्मवरून सरकते, एक घर पुढे,
पुन्हा एक घर पुढे,
गुणायचं, बेरीज मांडायची, सरकायचं.
उजेड कुठे संपतो तेवढंच एका चौकटीला कळतं.
दुसरीला फक्त तिरकं.

मग चार घरांतलं मोठं तेवढं ठेवायचं,
बाकीचं सोडून द्यायचं.
('आम्ही इकडे येताना तेच केलं,'
चाचा चहा ढवळत.)

थरावर थर. कडांच्या रेघा, रेघांचे कोन,
आणि अगदी शेवटी एक आकडा: चीर, नव्वद टक्के.
चुकली, की चूक उलट्या पावली मागे जाते
प्रत्येक घराच्या कानाला लागत:
तू जरा कमी. तू जरा जास्त.

सहा हजार फिल्मा.
सातव्या रात्री एकही चूक नाही.
मी खूश. चाचा गप्प.
'मी हात न लावलेल्या दे तिला.'
दिल्या.
तिला काहीच दिसेना.

तेव्हा शोधलं, ती बघत कुठे होती.
तांबडा डाग जोडावर नव्हताच,
खाली, उजव्या कोपऱ्यात होता,
जिथे संशय आला की चाचा फिल्म धरून ठेवायचे,
हातमोजा काढून, मिनिट, दोन मिनिटं,
आणि अंगठा उमटायचा.

चाचांनी चष्मा पुसला. बराच वेळ पुसला.
'अगदीच चूक नाही शिकली,' म्हणाले,
'पण कोपरा काप.'

सहा हजार कोपरे कापले.
चौकट पुन्हा पहिल्या घरावर ठेवली,
वर, डावीकडे.