निशाणी पाच

प्रतिज्ञापत्राच्या चौथ्या पानावर रकाना आहे:
अर्जदाराचे मासिक उत्पन्न.
मगदूम वकीलबाई म्हणाल्या, शून्य लिहा.
मी पेन धरून बसले.
अकरा वर्षं मी शून्यंच वळत आले,
एका पैंजणात शंभरावर,
पण ती चांदीची.

हुपरीत आमच्या गल्लीत दुपारी
उंबऱ्या-उंबऱ्यात एक बाई बसलेली असते,
मांडीवर पाट, हातात चिमटा.
जेवण झालं की कड्या, कड्या झाल्या की भाकरी.
डाग देताना श्वास कुठं थांबवायचा
हे सासूबाईंनी शिकवलं लग्नाच्या तिसऱ्या आठवड्यात.
हळद अजून नखांत होती.
दिवाळीआधी रोज जोड्या, जोड्या,
मग राजकोटला पार्सल.
केर फेकायचा नाही. जाळून, गाळून
वर्षाकाठी त्यातनं पाव किलो निघायची,
ती वहीत चढायची मामांच्या अक्षरात:
केर, इतके ग्रॅम.
त्या वहीत माझं नाव शोधायला मी कधी गेले नाही.
खोटं कशाला बोलू, सुचलंच नाही.

आता त्याचं म्हणणं आलंय.
कोर्टात त्याला म्हणणंच म्हणतात,
तीन पानी, सही-शिक्क्याचं.
सामनेवाला दुसऱ्याच्या दुकानी मजुरी करतो,
रोज साडेतीनशे. आईला दमा. बुलेट मित्राची.
मूलबाळ नाही, सबब अर्जदारास खर्च तो काय.
भट्टी भावाच्या नावावर. भाऊ पुण्यात बँकेत,
त्यानं मूस कधी हातात धरलेली नाही.
वाचताना जिभेवर तेजाबाची चव आली.

चांदीचा टंच काढायला यंत्र आहे,
पाच मिनिटांत पावती.
म्हणण्याचा टंच काढायला, वकीलबाई म्हणाल्या,
बँकेचे उतारे लागतील, जीएसटी लागेल, आणि तारखा.
तोवर?
तोवरचंच तर मागतोय आपण. कलम चोवीस.
निकाल लागेपर्यंत खायचं काय, तेवढंच.

रुकडीहून सकाळची एसटी, स्टँडवरून केएमटी.
कोर्टाच्या व्हरांड्यात एक लहान पोर,
कुणाच्या तरी ताब्याच्या केसमधली,
आईकडून आजोबाकडं, आजोबाकडून आईकडं पळत होती.
पैंजणाची कडी उघडलेली, फ्रॉकला अडकायची.
मी तिला थांबवलं, पैंजण काढलं,
कडी दातांनी दाबली. विचार न करता.
(हलकं होतं. मशीनचं. आमच्याकडचं नव्हे.)
वर बघितलं तर पाण्याच्या टाकीपाशी त्याचे वकील,
ग्लास हातात तसाच.

पुकारा झाला.
"अर्जदार कुशल कारागीर आहे. बसून खायची गरज नाही.
आज, इथं, मी डोळ्यांनी पाहिलं."
मगदूमबाई उठल्या. त्यांचा आवाज बारीक,
पंख्याचा मोठा.
"एवढी कुशल आहे, तर अकरा वर्षांची मजुरी
किती दिली ते सामनेवाल्यांनी सांगावं."
तो चटकन उभा राहिला, वकिलाकडं न बघता,
"घरातलंच काम हाय की ते, साहेब.
आपल्याच भट्टीचं. त्याला कसली मजुरी?"

न्यायाधीशबाईंनी चष्म्यावरून पाहिलं.
"आपल्याच?"
टायपिस्टची थांबलेली बोटं चालू झाली.
भरतेशनं माझ्याकडं बघितलं, किती महिन्यांनी.
रागानं नाही. मूस फुटल्यावर बघतो तसं,
वितळलेलं कुठं कुठं गेलं ते.

आदेशाला एकवीस तारीख.
येताना बसमध्ये उभीच होते, बोटं दांडीला.
मिळतील किती, माहीत नाही.
मिळाले तरी देईल का, तेही.

रकान्याचं सांगायचं राहिलं.
शेवटी शून्यच काढलं.
पण तोंड पुरतं जुळवलं नाही,
सवयीनं जराशी फट ठेवली.
डाग द्यायला जागा लागते.