चायनाग्रासचं काळीज

सूर्य मावळायच्या आत जेवून घ्यायचे जिनूदादा.
डबा धुऊन, गाळलेलं पाणी पिऊन
मग रात्रभर
माणसं फाडायचे.

वखारभागात, हळदीच्या गोदामावर त्यांची खोली.
जिना चढताना शिंका,
आणि वर पोचलं की दोरीवर
वाळत घातलेले चेहरे.
पहिल्या दिवशी मी आठ पायऱ्या उलटा उतरलो होतो.
वरून आवाज आला,
"आरं, रिकामी हाईत ती.
भ्यायचं ते भरल्याली तोंडं बघून."

मी हरभट रोडच्या सलूनवाल्याचा पोरगा.
दुकानातले केस पिशवीतून आणायचो,
ते धुऊन, विंचरून
हडळीच्या डोक्यावर बसायचे.
सिनेमा लागला की अंधारात मी ओळखायचो:
ही बट बँकेतल्या कुलकर्णीबाईंच्या पोरीची,
टायफॉईडनंतर कापलेली.
थिएटर किंचाळायचं.
मला तिची काळजी वाटायची.

रक्तात मध चालायचा नाही, मधात जीव जातात.
जिलेटिन तर हाडांचंच.
म्हणून काकवी, आणि चुन्यात कालवलेली हळद.
पिवळ्याचं लाल होताना
दरवेळी हात थांबवून बघायचे,
जन्मात पहिल्यांदा बघितल्यासारखं.

काळीज चायनाग्रासचं.
आत सायकलच्या ट्यूबचा तुकडा,
त्याला लांब नळी, नळीच्या टोकाला रबरी फुगा,
आणि फुग्यावर खाटेखाली झोपलेला मी.
दाबलं की धडधडायचं.
"मरताना एकदम सोडू नगंस," सांगायचे,
"कुणी एकदम मरत न्हाई.
हळू. आनि हळू.
आता एक उगंच. झालं."

आष्ट्याजवळच्या बंद गोदामात एकदा
मेलेल्या हिरोच्या छातीला मुंग्या लागल्या.
दादा गुडघ्यावर बसले,
एकेक मुंगी मोरपिसानं उचलून
बाजूच्या विटेवर ठेवू लागले.
जनरेटरचं भाडं चढत होतं.
डायरेक्टर आईवरून शिव्या देत होता.
हिरो श्वास धरून पडलेला, गुदगुल्यांनी लाल.
दादा म्हणाले, "पंधरा ऱ्हायल्या."

त्रेचाळीस सिनेमे.
पाटीवर नाव सतरांत,
त्यातल्या पाचांत मगदूमचं मुकादम झालं.

पुराच्या साली पाणी अकराव्या पायरीला थांबलं.
खाली पोती फुटून सगळी गल्ली पिवळी.
रात्री बोट आली, बॅटरी खिडकीवर पडली,
आणि बोट तशीच मागं गेली.
दादा चेहऱ्यांच्या मधून हात हलवत राहिले,
"अहो, ह्यातला मी हाय!
मी जित्ता हाय!"
हे सांगताना ते इतके हसायचे
की कवळी काढून ठेवावी लागायची.

शेवटच्या सेटवर एका पोरानं
नटाच्या गळ्याला हिरवी पट्टी बांधली.
"जखम नंतर टाकू, काका. कॉम्प्युटरवर."
दादांनी पट्टीची गाठ तेवढी
नीट करून दिली.
पेटी उघडलीच नाही.

आता क्षमावणीला मी त्यांच्याकडं जातो.
जुनी वही काढतात, नंबर मी लावून देतो.
वर्षभरात ज्याला ज्याला दुखवलं
त्याची माफी मागायची, असा दिवस.
दादांची यादी तीस वर्षांची आहे.
"तुला नऊ वेळा मारलं, एकदा वरवंट्यानं. उत्तम क्षमा."
"तुझं डोळं काढलं होतं, बाई. उत्तम क्षमा."
पलीकडून कोणी हसतं,
कोणी बराच वेळ बोलत नाही.

काही नंबर आता लागत नाहीत.
काही लागतात, आणि भलताच आवाज येतो.
परवा एका नातवानं उचलला.
दादा म्हणाले, "तुझ्या आज्ज्याला मी हिरीत ढकललं हुतं. दोनदा."
पोरगं घाबरून विचारतं,
"खरंच?"

खोटं न बोलणारा माणूस
फोन कानाला धरून
दोरीवरल्या चेहऱ्यांकडं बघत
विचार करत बसतो.

"खरं वाटंल," म्हणतात शेवटी,
"असं."