स्वल्पविराम

पारोळ्याच्या जिनिंगमध्ये रात्रीचे साडेअकरा.
अकरा वर्षांची काट्यावरची वजनं, एकच फाइल,
डेटाबेसच्या नरड्याखाली उतरेना.
आधी मर्यादा वाढवली. मग वेळ.
मग लाइट गेली.

लाइट आल्यावर फाइलचे तुकडे केले,
लाखाचे, दहा हजाराचे, शंभराचे,
सरकीतला खडा बोटांनी चाचपावा तसे.

ओळ तीन लाख एकेचाळीस हजार सात.
बैलगाडी. चार क्विंटल.
शेऱ्यात सुपडूनाना बोरसेंनी टाइप केलेलं:
वला शे, तरी ली ल्या.

एवढंच.
नाना जिथे श्वास घ्यायला थांबले
तिथे मशीनने नवा रकाना धरला,
आणि पुढचं सगळं एकेक घर सरकलं:
रकमेच्या जागी ‘तरी ली ल्या’,
तारखेच्या जागी रक्कम,
तारखेला तर जागाच उरली नाही.

पुसायला एक बटण पुरलं असतं.
नाना रिटायर होऊन सहा वर्षं झाली, कोण विचारणार होतं?
मी शेऱ्याला दोन्हीकडून अवतरणचिन्हं लावली.
आता आत बसून थांबा म्हटलं, हवं तेवढं.

तीन चाळीसला फाइल गेली.
शेवटची म्हणून तीच ओळ पुन्हा उघडून पाहिली:
चार क्विंटल.
ओल धरून.