फेरतपासणी

हात न टेकता उठा, काका,
पिवळ्या पट्टीपर्यंत जा, तीन मीटर,
वळा, परत या, बसा.
उतावळ नथी, म्हणते धृती पंचाल
आणि म्हणता म्हणता घड्याळाचं बटण दाबते.

एकतीस वर्षं मी वजनमापं खात्यात होतो.
खंडेराव मार्केटातल्या काट्यांच्या जिभा
मला पाहून थरथरायच्या.
पुतळीबेन भाजीवाली तर
पारड्याच्या बुडाची चिंच खरवडून
सरळ तोंडात टाकायची.

खुर्ची खोल होती. पहिल्यांदा नुसताच हललो.
दुसऱ्यांदा उठलो.
जाताना फरशीनं साथ दिली, वळताना नाही.
मांडवीच्या बोळात मालट्रक वळवावा
तसा पुढेमागे करत
सहा पावलांत वळलो.
सतरा सेकंद.
बारापर्यंत चाललं असतं, ती म्हणाली.
चाललं असतं म्हणजे किती सूट
हे मला कुणी शिकवायला नको.

मग डोळे मिटून. मग एका पायावर:
तिसऱ्या सेकंदाला भिंत आपणहून जवळ आली.
मग शंभरातून सात सात वजा करत चाला.
त्र्याण्णव, शहाऐंशी, एकोणऐंशी,
बहात्तर सापडला आणि पाय थांबले.
पाय थांबले हे तिनं लिहून घेतलं.
बहात्तर बरोबर होता.

वर्षभरात किती वेळा पडलात?
एकदा.
दोनदा, पराग दारातून म्हणाला.
श्रावणातली ती रात्र त्याला ठाऊक नाही:
माठापाशी, ओल्या लादीवर,
दूधवाल्याची बेल वाजेपर्यंत
मी पंख्याची पाती मोजत होतो.
पुन्हा पुन्हा मोजली. तीनच होती.

धृतीनं वाद घातला नाही.
बाही वर सरकवली
आणि माझं कोपर
पारडं उलटवून बघतात तसं उलटवून पाहिलं.

चार, मी म्हणालो.
परागनं मोबाइल खिशात टाकला.

खोट्या काट्याला आम्ही जप्तीची चिठ्ठी बांधायचो.
हिनं तीन महिन्यांनंतरची तारीख दिली,
न्हाणीत दांडी, रात्री दिवा,
सपाता बदला, काठीची लाज सोडा.
शेवटचं तिनं मराठीत सांगितलं,
अडखळत.

बाहेर रावपुऱ्यात स्कूटरींची गर्दी.
दवाखान्याला दोन पायऱ्या आहेत, येताना एकच वाटली होती.
मी परागच्या खांद्यावर हात ठेवला.
काय, बाबा?
तो शेंगवाल्याचा काटा बघ, म्हटलं,
डावीकडे झुकतोय.
तो बघत राहिला.
मी हात काढला नाही.