नाव न घेता

हॉथरडेलमध्ये दिवेलागणीनंतर
कुणी कुणाला नावानं हाक मारत नाही.
मुलं ओढ्याकाठी असली तर आया दारात येऊन
बेकिंग ट्रेवर चमचा वाजवतात,
प्रत्येक घराचा ठेका वेगळा.
कुत्र्यांना शीळ. नवऱ्यांना खाकरणं.
मी आले त्या दिवशी पोस्टातल्या बाईनं
माझं पार्सल पुढे सरकवलं
नावावर अंगठा ठेवून.

कारण वर ग्रिमल आहे.
नऊ शिखरांची रांग. ती ऐकते.
ऐकलेलं नाव पोटात ठेवते
आणि धुक्याच्या रात्री परत उच्चारते
तुमच्याच माणसाच्या आवाजात.
ओ दिलीत, की गेलात.
शिशाच्या खाणीतले अकरा जण असेच गेले,
डबे बाकावर उघडे टाकून.
चहा अजून कोमट होता म्हणतात.
सांगणारा प्रत्येक जण 'कोमट'पाशी थांबतो.

मी कानांची तंत्रज्ञ. मंगळवारी, शुक्रवारी
चर्चमागच्या खोलीत म्हाताऱ्यांना श्रवणयंत्रं बसवते.
वारा, पोकळ खाणी, चुनखडीतली भोकं:
स्पष्टीकरणं माझ्याकडे होती,
खिशातल्या चिल्लरीसारखी.
पण थंडी कडक पडली की वरून
आधी जात्यात खडा सापडल्यासारखं येतं,
मग ओल्या काचेवर बोट,
मग बराच वेळ काहीच नाही,
आणि त्या काहीच-नाहीत
माझ्या बंद कक्षातला काटा हलतो.
मी नोंद करत नाही. त्याला रकाना नाही.

एमॉस थ्रेलकेल्ड, मेंढपाळ, वय चौऱ्याऐंशी,
डावा कान गेलेला, उजवा जायच्या बेतात,
यंत्र तळहातावर तोलत म्हणाला, कमी कर.
किती?
बायकोचं ऐकू येईल, डोंगराचं नाही, इतकं.
बायकोला जाऊन सहा वर्षं झाली होती,
मला नंतर कळलं.
तोवर मी आकडा लावून दिला होता.
अजून दर शुक्रवारी तो सेल बदलायला येतो.
सेल भरलेलाच असतो.

आमच्याकडेही नाव घेत नसत.
आईनं चाळीस वर्षांत बाबांना एकदाही
नावानं बोलावलं नाही.
अहो, ऐकलंत का?
आणि बाबांना तर ऐकू येत नसे,
साखर कारखान्यात टर्बाइनशेजारी उभं आयुष्य.
म्हणून ओ मी द्यायची.
हाक आणि माणूस यांच्यातलं अंतर
अनवाणी पळत जायचं,
बाबांची बाही ओढायची.

काल धुकं होतं.
ट्रे लवकर वाजून संपले.
मी मागच्या दारानं कचऱ्याचा डबा लोटत होते
तेव्हा वरून, नवव्या शिखराच्या अंगानं,
अगदी घरगुती, जराशा त्रासलेल्या आवाजात:
अहो,
ऐकलंत का?

नाव नव्हतं त्यात.
गावाच्या नियमात याची सोय नाही.
आणि हे शब्द इथे कधी कुणी उच्चारलेले नाहीत,
मीही नाही. कुणाला उच्चारणार?
हाक मला नव्हतीच.
ज्यांना होती, त्यांना सात वर्षांपूर्वी
मी ओंजळीनं कृष्णेत सोडलंय.
इतक्या उशिरा, इतक्या लांबून
पुन्हा तेच: ऐकलंत का,
जेवण वाढून झाल्यासारखं.

डब्याची चाकं थांबली.
शेजारच्या खिडकीतला पडदा सरकला, पडला.
कुणीतरी मला थांबवायला हवं होतं,
पण हाक मारल्याशिवाय
कसं थांबवणार.

पाय गार पडले म्हणून खाली पाहिलं.
चपला मागे दारातच होत्या,
आणि दार
वाटलं होतं त्याहून बरंच मागे.